भंगारातलं इलेक्ट्रॉनिक्स आणि त्यातनं होणारी कला: कोल्हापुरात आम्हाला वारंवार विचारले जाणारे प्रश्न

दर रविवारी सकाळी आम्ही दहा-बारा जण उद्यमनगरातल्या एका मित्राच्या शेडमध्ये जमतो आणि बंद पडलेले प्रिंटर, फुटलेले टीव्ही, हार्डडिस्क, रेडिओ, खेळणी असलं काय काय उघडून त्याच्यातनं काहीतरी बनवतो. कोणी लेथवरचा मेस्त्री आहे, कोणी कलानिकेतनला शिकलेला, दोघी शिक्षिका आहेत, एक दादा हुपरीचे, चांदीकाम करणारे. बघायला येणारा प्रत्येक जण थोड्याफार फरकाने तेच विचारतो, म्हणून एकदाचं सगळं लिहून ठेवतोय.

म्हणजे तुम्ही नक्की करता काय? शोपीस बनवता का?

शोपीस पण होतात. पण तेवढंच नाही. हार्डडिस्कच्या तबकडीला घड्याळाचं मशीन लावलं तर टेबलावर चांगलं दिसतं, पण तीच तबकडी दोऱ्याने टांगून बोटाने टिचकी मारली की देवळातल्या लहान घंटेसारखा लांब नाद येतो, आणि तो नाद त्या तबकडीत आधीपासनं होता, आपण फक्त तिला डब्यातनं बाहेर काढलं. आम्हाला या दुसऱ्या प्रकारात जास्त रस आहे. प्रिंटरला केसाएवढं अचूक सरकता येतं, एलसीडीच्या फिल्मला उजेड अडवता येतो, स्पीकरला थरथरता येतं. वस्तू मोडीत गेली म्हणून तिचं हे कसब जात नाही. ते ओळखायचं आणि त्याच्याकडनं वेगळं काम करून घ्यायचं, आणि त्यासाठी आधी ती वस्तू चालते कशी हे समजून घ्यावं लागतं. नुसतं गोंद लावून चिकटवणं हे आमच्या मते निम्मंच काम झालं.

हे खूळ आलं कुठनं? परदेशातलं आहे ना?

थोडं तिकडचं, थोडं इकडचं. १९६० च्या दशकात अमेरिकेतल्या सिनसिनाटीचा रीड गझाला नावाचा एक पोरगा, त्याच्या टेबलाच्या खणात एक उघडा छोटा अँप्लिफायर कुठल्यातरी धातूला लागून शॉर्ट झाला आणि त्यातनं विचित्र आवाज यायला लागले. त्याने ते बंद करायच्या ऐवजी ऐकत बसणं पसंत केलं आणि पुढे जन्मभर तेच केलं, सर्किटमध्ये मुद्दाम फेरफार करून नवे आवाज काढायच्या या उद्योगाला आज सर्किट बेंडिंग म्हणतात. कोरियात जन्मलेल्या नाम जून पाईकने तर टीव्ही हेच मूर्तिकामाचं सामान मानलं, १९८८ साली त्याने १००३ टीव्हींचा मनोरा उभा केला, तो कोरियातल्या सरकारी कला संग्रहालयात आहे. लंडनमध्ये २००५ साली ३.३ टन ई-कचऱ्याचा ७ मीटर उंच माणूस उभा केला होता. ३.३ टन का, तर तिथला एक माणूस जन्मभरात सरासरी तेवढा ई-कचरा करतो म्हणून.

आता आपल्याकडचं. चंदीगडला नेकचंद यांनी फुटक्या बांगड्या, चिनीमातीचे इलेक्ट्रिक फिटिंग, कपबशा असल्या टाकाऊ मालातनं अख्खं रॉक गार्डन उभं केलं, १९७६ साली ते लोकांना खुलं झालं. पुण्यातले अरविंद गुप्ता कचऱ्यातनं खेळणी करून विज्ञान शिकवत आले, त्यांना २०१८ ला पद्मश्री मिळाली. आणि पुणे जिल्ह्यातल्या पाबळच्या विज्ञान आश्रमात २००२ सालीच फॅब लॅब सुरू झाली, खेड्यातल्या पोरांच्या हातात यंत्रं देणारी. तेव्हा मेकर, म्हणजे स्वतःच्या हाताने वस्तू घडवणारा, हा शब्द नवीन असेल, गोष्ट नवीन नाही.

पण कोल्हापुरात? इथं तर लोकांना कुस्ती आणि फुटबॉल.

हा प्रश्न आला की मी खरी कॉर्नरच्या कॅमेऱ्याच्या स्तंभाकडे बोट दाखवतो. बाबूराव पेंटर हा नाटकाचे पडदे रंगवणारा माणूस, त्याने आणि त्याच्या सोबत्यांनी १९१८ च्या सुमारास याच गावात सिनेमाचा कॅमेरा स्वतः बनवला. परदेशी कॅमेऱ्याचं मशीन समजून घेतलं, भाग घडवले, जोडले. एक चित्रकार आणि एक यंत्र, मधे कोणी इंजिनिअरिंगची डिग्री विचारली नाही. उद्यमनगरात म्हादबा मेस्त्रींचं नाव अजून आदराने घेतात, तेही असेच, शाळेपेक्षा हाताने शिकलेले. ज्या गावात बीडाचं ओतकाम करणारी फाउंड्री, लेथ, मोटर रिवाइंडिंगवाला, चांदीचा कारागीर आणि मूर्ती करणारा कुंभार हे सगळे सायकलच्या अंतरावर आहेत, तिथं हे नाही चालणार तर कुठं चालणार?

आणि गणपतीतले आपले हलते देखावे विसरू नका. ट्रकच्या वायपरची मोटर लावून राक्षसाची मान हलवणारी पोरं आपल्या प्रत्येक पेठेत होती. ती सगळी मेकरच होती, त्यांना कोणी तसं म्हटलं नाही एवढंच.

माल मिळतो कुठं?

घरापासनं सुरू करा. माळ्यावर एक तरी जुना सीपीयू, सीडी प्लेअर, बंद मोबाइल सापडतोच. मग ओळखीचे टीव्ही-मिक्सर दुरुस्तीवाले, कॉम्प्युटरवाले, झेरॉक्सवाले. यांच्याकडे ज्यातनं पार्ट काढून झालेत असे सांगाडे पडून असतात आणि त्यांना जागा मोकळी करायची असते. भंगारवाल्याकडे किलोवर मिळतं, पण त्याच्याशी नीट बोला. तो तांब्या-अॅल्युमिनियमचा हिशोब करूनच माल घेतो, तेव्हा तुम्ही त्याच्या ढिगातनं नेमकी मोटर उचलून "हे तर भंगारच आहे की मामा" म्हणून फुकट मागितली तर ते त्याच्या पोटावर येतं. त्याचा भाव द्या. आम्हाला उत्तम माल दाखवणारे जे मामा आहेत ते स्वतः आमच्यासाठी जुने रेडिओ बाजूला काढून ठेवतात, कारण पहिल्या दिवसापासनं घासाघीस केली नाही.

ऑनलाइन जुने सर्किट बोर्ड पोत्याने विकत घेऊन "टाकाऊतून टिकाऊ" करणाऱ्यांचं मला खरंच वाईट वाटतं. टाकाऊ विकत मागवावं लागत असेल तर ते टाकाऊ कसं?

चालू असलेली जुनी वस्तू फोडली तर चालेल का? आजोबांचा व्हॉल्व्हचा रेडिओ आहे.

नको. हात जोडून सांगतो. आमचा नियम एकच आहे आणि त्यावर वाद घालत नाही: आधी दुरुस्त होतंय का बघायचं, झालं तर ज्याला पाहिजे त्याला द्यायचं, नाही झालं तर त्यातले चांगले पार्ट दुसऱ्या दुरुस्तीसाठी काढायचे, आणि उरलेल्यावर कला. हॉलंडमध्ये २००९ ला अॅम्स्टरडॅमला पहिलं रिपेअर कॅफे भरलं, लोक बिघडलेल्या वस्तू घेऊन येतात आणि जाणकारांसोबत बसून दुरुस्त करतात, आता जगभर भरतात. आमचा रविवारचा पहिला तास तसाच जातो. मागे एक मावशी मिक्सर घेऊन आल्या होत्या फोडायला म्हणून, त्याचा नुसता कार्बन ब्रश झिजलेला. तो बदलून दिला, मिक्सर परत घरी गेला.

व्हॉल्व्ह रेडिओ तर मुळीच फोडू नका, जाणकाराला दाखवा. आणि स्वतः प्लगला लावून बघू नका, वर्षानुवर्षं पडून राहिलेले त्यातले कपॅसिटर, म्हणजे वीज साठवणारे भाग, बिघडलेले असतात आणि आत शेकड्यात व्होल्टेज असतं.

सुरुवात कशापासून करू?

जुना प्रिंटर. डोळे झाकून प्रिंटर. त्यात दोन-तीन मोटरी, गुळगुळीत स्टीलचे रॉड, रबरी रोलर, दातेरी चाकांचा अख्खा संसार, बेल्ट, स्प्रिंगा, आणि वर स्कॅनर असेल तर एक सुंदर काच मिळते. लेझर प्रिंटर असेल तर टोनरची काळी पूड फुंकू नका, मास्क घाला आणि ओल्या फडक्याने पुसा. आत लेझरचा डबा असतो तो बंदच राहू द्या. पहिल्यांदा इंकजेट घेतलेला बरा.

बऱ्याच प्रिंटरमध्ये स्टेपर मोटर असते, म्हणजे एकेक पाऊल टाकत फिरणारी, चार-सहा वायरी बाहेर आलेली. तिची दोन टोकं एका एलईडीला लावा आणि दांडा चिमटीत धरून गर्रकन फिरवा, एलईडी लुकलुकतो. बॅटरी नाही, काही नाही. हे पहिल्यांदा बघताना साठीचे काका पण लहान होतात, मी बघितलंय.

हत्यारं साधीच: चांगले दोन फिलिप्स स्क्रूड्रायव्हर, टॉर्क्सचा म्हणजे तारेच्या आकाराच्या बिटांचा सेट, पक्कड, कटर, मल्टिमीटर, आणि स्क्रू ठेवायला अंड्याचा ट्रे. गॉगल सगळ्यात आधी घ्या.

हार्डडिस्कचं एवढं कौतुक का?

कारण आत जे आहे ते बघून कोणताही मेस्त्री टोपी काढेल. वरचे टॉर्क्स स्क्रू काढा, साधारण टी ८ लागतो, आणि झाकण तरी हलेना तर स्टिकरखाली बोट फिरवा, एक स्क्रू तिथं लपलेला असतो. आत आरशापेक्षा चकचकीत तबकडी. साडेतीन इंची ड्राइव्हची तबकडी साधारण ९५ मिलिमीटरची असते आणि बहुतेक वेळा अॅल्युमिनियमची, ती वाजते. लॅपटॉपच्या छोट्या ड्राइव्हची मात्र बऱ्याचदा काचेची असते, वाकवायला गेलात तर हातात चुरा आणि डोळ्यात तुकडे. म्हणून छोटी असेल तर वाकवू नका, भोक पाडू नका, आहे तशी वापरा.

मग येतात मॅग्नेट. निओडिमियमचे, लहान पण राक्षसी. दोन मॅग्नेटच्या मधे बोटाचं कातडं सापडलं की रक्ताचा फोड येतो, पेसमेकर असलेल्यांनी लांब राहायचं, आणि लहान पोरांच्या हाताला लागतील असे तर कधीच ठेवायचे नाहीत, दोन गिळले तर आतड्यात एकमेकांना धरतात आणि ऑपरेशनची वेळ येते.

आणि खरी गंमत त्या मॅग्नेटच्या मधे फिरणाऱ्या हाताची. त्या हाताच्या मागे तांब्याच्या तारेचं छोटं वेटोळं आहे, स्पीकरमध्ये असतं तसलंच. छोट्या अँप्लिफायरचं आउटपुट त्या वेटोळ्याला दिलं की हात थरथरतो आणि गाणं ऐकू येतं, बारीक, पत्र्याचं, पण शब्दन् शब्द कळतो. आम्ही अशा सहा हार्डडिस्का एका जुन्या दाराच्या फळीवर बसवल्यात आणि तबकड्या मासे धरायच्या तंगुसाने खाली टांगल्यात. वाऱ्यावर तबकड्या वाजतात आणि वरचे हात हलगीच्या ठेक्यावर नाचतात.

माझा डेटा? हार्डडिस्क, मोबाइल तुम्हाला द्यायला भीती वाटते.

वाटायलाच पाहिजे. चालू असेल तर देण्याआधी पूर्ण पुसा, नुसतं डिलीट नाही, सगळ्या डिस्कवर नवीन लिहून पुसणारं सॉफ्टवेअर वापरा. बंद असेल तर तुमच्या समोर उघडतो आणि तबकडीच्या दोन्ही बाजूंवर पॉलिश पेपर मारतो, चमक जाते पण घुमायची थांबत नाही. पेनड्राइव्ह आणि एसएसडीत डेटा काळ्या चिपमध्ये असतो, ती चिपच तोडावी लागते. मोबाइलमधनं सिम आणि मेमरी कार्ड काढायला लोक कायम विसरतात.

कशाला अजिबात हात लावायचा नाही?

हे नीट वाचा, बाकी काही नाही वाचलं तरी चालेल.

मायक्रोवेव्ह. आतला ट्रान्सफॉर्मर दोन हजार व्होल्टच्या घरात देतो आणि त्याच्या शेजारचा कपॅसिटर प्लग काढल्यावरही चार्ज धरून बसू शकतो. हा शॉक माणूस मारतो, जखमी करून सोडत नाही. हा ट्रान्सफॉर्मर काढून लाकडावर विजेच्या झाडासारखी नक्षी जाळायचे व्हिडिओ फिरतात, त्याच्यात जगभरात माणसं गेलीत. दिसायला सुंदर आहे, मान्य. आमच्या शेडमध्ये बंदी आहे, आणि तुम्ही घरी करत असाल तर आज थांबा. मायक्रोवेव्हमधली ताटली फिरवणारी मोटर पाहिजे असेल तर दुरुस्तीवाल्याकडनं काढून घ्या.

पोटवाला जुना टीव्ही. त्याच्या पिक्चर ट्यूबवर वीस-पंचवीस हजार व्होल्ट असतात, ट्यूबच्या आत निर्वात पोकळी, काचेत शिसं. मानेला धक्का लागला की आतल्या बाजूला फुटते आणि काचा बाहेर उडतात. बाहेरची लाकडी पेटी पाहिजे असेल तर टीव्ही मेकॅनिककडनं ट्यूब बाहेर काढून घ्या, आणि ती ट्यूब अख्खीच रिसायकलरकडे जाऊ द्या.

मोबाइलच्या, लॅपटॉपच्या फुगलेल्या बॅटऱ्या. टोचायच्या नाहीत, दाबायच्या नाहीत, उन्हात ठेवायच्या नाहीत. लिथियम बॅटरी पेटली की मिनिटभरात जे व्हायचं ते होऊन जातं. आम्ही वाळू भरलेल्या पत्र्याच्या डब्यात, शेडच्या बाहेर ठेवतो आणि लवकरात लवकर जमा करतो.

कॉम्प्युटरचा पॉवर सप्लाय, मोबाइल चार्जर: आत सव्वातीनशे व्होल्टच्या आसपास चार्ज झालेला कपॅसिटर असतो. फ्लॅशच्या जुन्या कॅमेऱ्यात पण असाच तीनशेच्या आसपास, एवढासा कॅमेरा बघून कोणाला पटत नाही. सीएफएल, ट्यूबलाइट आणि जुन्या एलसीडीच्या मागच्या बारीक नळ्या यांच्यात पारा असतो, फोडू नका. डीव्हीडी रायटरचं लेझर चालू करून डोळ्यासमोर नेऊ नका.

एलसीडी टीव्ही फुटलाय, पॅनेलची किंमत नव्या टीव्हीएवढी. काही होईल का?

भरपूर होईल, हा तर खजिना. एलईडीवाला टीव्ही असेल तर पॅनेलच्या मागे पांढरे पसरट कागदासारखे शीट मिळतात जे उजेड एकसारखा पसरवतात, त्यांच्यामागे एलईडीच्या पट्ट्या. फुटका पॅनेल काढून टाकला की मागे जो उजेड उरतो तो खिडकीतनं येणाऱ्या सकाळच्या उजेडासारखा असतो, एकाही खोलीत ऊन न येणाऱ्या घरात लोक असं पॅनेल खिडकीसारखं लावतात. फक्त त्या पट्ट्यांना ओळीने जोडल्यामुळे व्होल्टेज जास्त असतं, तेव्हा जाणकाराकडनं योग्य ड्रायव्हर, म्हणजे त्यांना बेताची वीज देणारं सर्किट, लावून घ्या.

दुसरी गोष्ट म्हणजे पॅनेलच्या दोन्ही बाजूंची राखाडी पोलरायझर फिल्म, एकाच दिशेने थरथरणारा उजेड आरपार सोडणारी. हातमोजे घालून, काच ओली करून, कोपऱ्यातनं हळूहळू सोलायची. दोन तुकडे एकमेकांवर आडवे-उभे धरले की पूर्ण अंधार. आणि त्या अंधाराच्या मधे सीडीची पारदर्शक डबी किंवा फुलांच्या गुच्छाचा चुरचुरीत प्लॅस्टिक कागद धरा. रंग! इंद्रधनुष्याचे पट्टे, फिरवाल तसे बदलणारे, आणि हातातला कागद तर बिनरंगी. प्लॅस्टिक ओतताना, ताणताना त्यात जो ताण राहून गेला तो रंगातनं दिसतो. आमच्यातल्या एका बाईंनी या पद्धतीने नुसत्या चिकटपट्टीचे थर देऊन रंकाळ्याची संध्याकाळ केली आहे. नुसत्या डोळ्यांना कोरी काच दिसते, फिल्मचा चष्मा लावला की पाणी केशरी होतं. शाळेतल्या पोरांना दाखवली तेव्हा एका मुलीने चष्मा परतच दिला नाही, तिला तो देऊन टाकला.

आवाजाचं काय करता? फ्लॉपी ड्राइव्हवर गाणी वाजवतात तसं?

पोलंडच्या पावेल झाद्रोझ्नियाकचं म्हणताय, त्याच्या २०२२ च्या यंत्रात ५१२ फ्लॉपी ड्राइव्ह आहेत. तत्त्व सोपं आहे: ड्राइव्हमधली स्टेपर मोटर सेकंदाला जितकी पावलं टाकते तितक्या कंपनांचा सूर निघतो. सेकंदाला ४४० पावलं, की ४४० हर्ट्झचा सूर. आमच्याकडे फक्त चार ड्राइव्ह आणि एक आर्ड्युइनो, म्हणजे प्रोग्राम करता येणारा छोटा बोर्ड, आहे आणि चारात पण मजा येते.

सर्किट बेंडिंग मात्र फक्त बॅटरीवर चालणाऱ्या खेळण्यांवर करायचं, प्लगवाल्या कशावरही नाही, हे आधी लिहून घ्या. जत्रेत मिळणारा कीबोर्ड, बोलणारी बाहुली, अआइई म्हणणारं पुस्तक उघडायचं, चालू ठेवायचं आणि बोट पाण्याने ओलं करून बोर्डावरच्या जागा चाचपायच्या. कुठंतरी आवाज घसरतो, जाड होतो, रडतो. ती जागा मार्करने खुणवायची आणि तिथं व्हॉल्यूम कंट्रोल म्हणजे पोटेन्शिओमीटर लावायचा. बऱ्याच खेळण्यांत वेग ठरवणारा एक रेझिस्टर असतो, त्याच्या जागी हाच पोटेन्शिओमीटर लावला की बाहुलीचा आवाज कीर्तनकाराइतका भारदस्त होतो.

सोल्डरिंग अवघड आहे का? धूर विषारी असतो ना?

दोन रविवारात जमतं. हुपरीच्या दादांना आम्ही शिकवायला गेलो आणि त्यांनीच आम्हाला शिकवलं. चांदीला डाख देताना ते अख्खा दागिना एकसारखा तापवतात आणि डाख स्वतःहून सांध्यात धावतो, ते म्हणाले इथं पण तेच आहे, तुम्ही सोल्डर वितळवून वर ठेवताय, तसं नाही, आधी सांधा तापवा आणि सोल्डर सांध्याला लावा. त्या दिवसापासनं आमचे जोड सुटायचे थांबले.

धुराबद्दल: नेहमीचं शिसं-कथलाचं सोल्डर १८३ अंशाच्या आसपास वितळतं, त्या तापमानाला शिशाची वाफ होत नाही, डोळे चुरचुरतात ते सोल्डरमधल्या राळेच्या म्हणजे फ्लक्सच्या धुराने, आणि तो दम्याला वाईट, म्हणून पंखा लावा. शिसं पोटात जातं ते बोटांमधनं. सोल्डर धरलेल्या हाताने भडंग खाल्लं की झालं. साबणाने हात धुतल्याशिवाय आमच्याकडे कोणाला चहा पण मिळत नाही.

सर्किट बोर्ड कापून दागिने करतात, ते चालतं?

चालतं, पण करवतीने कोरडं कापू नका. हिरव्या बोर्डात काचेचे तंतू असतात, त्यांची पूड छातीत जाते. पत्रा कापायच्या यंत्रावर सरळ कापून घ्या, पूड उडत नाही, उद्यमनगरात अशी यंत्रं पावलोपावली आहेत. कडा पाण्याखाली घासा. आणि जुन्या बोर्डावर शिशाचं सोल्डर असतं तेव्हा कातडीला लागणारी बाजू झाकलेलीच पाहिजे, लहान मुलांसाठी तर करूच नका.

हुपरीच्या दादांनी केलेला साज बघायला या. कोल्हापुरी साजात २१ पानं असतात, त्यांनी २१ च ठेवली: चपटे सिरॅमिक कपॅसिटर, सोनेरी पिना, एका चिपचं पारदर्शक झाकण असलेलं डोळ्यासारखं पान, आणि सगळं मोटरच्या तांब्याच्या तारेत गुंफलेलं. अंगाला लागणारी मागची बाजू अख्खी चांदीची.

बोर्डात सोनं असतं म्हणे. किती निघेल?

असतं. टोकियो ऑलिंपिकची पदकं करायला जपानने ६२ लाख मोबाइल आणि एकूण ७८,९८५ टन जुनी उपकरणं गोळा केली, त्यातनं सोनं निघालं साधारण ३२ किलो. आता तुमच्या घरातल्या चार मोबाइलचा हिशोब करा. आणि ते काढायला त्यांच्याकडे कारखाने होते. इकडे उघड्यावर बोर्ड जाळून, ॲसिडच्या टबात हात घालून हे काम करणारी माणसं आणि लेकरं आहेत, दिल्लीच्या सीलमपूरला, मुरादाबादला, आणि त्याची किंमत त्यांची फुप्फुसं देतात, नदी देते. ॲसिडने सोनं कसं काढायचं हे आम्हाला विचारू नका. सराफांच्या गुजरीत जा, पाव ग्रॅम विकत घ्या, स्वस्त पडेल.

सरकारी परवानगी लागते का?

छंद म्हणून घरची चार उपकरणं उघडायला कोणी विचारत नाही. पण धंदा म्हणून ई-कचरा फोडायचा, धातू काढायचे तर नोंदणी लागते, १ एप्रिल २०२३ पासनं नवीन ई-कचरा नियम लागू आहेत, बॅटऱ्यांचे नियम वेगळे. कंपनी, कॉलेज असल्या मोठ्या ठिकाणचा माल तर नोंदणी असलेल्या रिसायकलरकडेच गेला पाहिजे, आम्ही तो घेत नाही.

काम करून झाल्यावर उरलेलं कुठं जातं?

हा प्रश्न सगळ्यात कमी विचारला जातो आणि मला सगळ्यात महत्त्वाचा वाटतो. एका प्रिंटरमधनं आपण फार तर पाव भाग वापरतो. बाकीचं कचऱ्याच्या गाडीत टाकलं तर आपण केलं काय? जगात २०२२ साली ६ कोटी २० लाख टन ई-कचरा झाला आणि त्यातला नोंद ठेवून नीट गोळा झालेला, रिसायकल झालेला फक्त २२.३ टक्के. आम्ही प्लॅस्टिक, लोखंड, तांबं-अॅल्युमिनियम वेगळं करून मामांना देतो, बोर्ड, बॅटऱ्या, ट्यूब आणि पाऱ्याच्या नळ्या साठवून नोंदणी असलेल्या रिसायकलरला देतो. केंद्रीय प्रदूषण नियंत्रण मंडळाच्या पोर्टलवर यादी असते. आणि आपण केलेली कलाकृती पण उद्या कोणीतरी टाकणार आहे, म्हणून गोंद कमी, स्क्रू जास्त. सुटी करता आली पाहिजे.

तुमचं स्वतःचं आवडतं काम कुठलं?

पुराचं. २०१९ च्या ऑगस्टमध्ये पंचगंगेच्या पुराचं पाणी ओसरल्यावर रस्त्याकडेला जे ढीग लागले होते ते ज्यांनी बघितले त्यांना सांगायला नको: टीव्ही, फ्रिज, मिक्सर, पोरांचे कॉम्प्युटर, सगळ्यावर एकाच रंगाचा गाळ. आमचं सगळं त्या ढिगापासनं सुरू झालं. चिखल धुवून, ब्रशने घासून, महिनाभर वाळवून आम्ही त्यातले बोर्ड ठेवले होते, काय करायचं माहीत नव्हतं.

नंतर त्या बोर्डांचा एक उभा खांब केला. खालपासनं वरपर्यंत ५५ दिवे, नदीच्या पाणीपातळीच्या एका फुटाला एक, सगळे पुरात गेलेल्या टीव्हींच्या बॅकलाइटमधनं काढलेले. मायक्रोवेव्हची ताटली फिरवणारी मोटर आणि तिला प्रिंटरच्या दात्यांनी अजून हळू करून एक तांब्याचा ब्रश गोल फिरतो आणि एकेक दिवा लागत वर जातो. ३९ ला पिवळा, इशारा पातळी. ४३ ला लाल, धोका पातळी. तिथनं पुढचे बारा दिवे परत पांढरे आहेत आणि ते लागायला मुद्दाम जास्त वेळ लागतो. वर पोचला की थांबतो, मग उतरायला लागतो, चढण्यापेक्षा हळू. दाखवायला ठेवला तेव्हा नदीकाठच्या चिखली गावचे एक आजोबा पाणी पूर्ण उतरेपर्यंत उभे होते. मग जवळ येऊन त्यांनी खालून अठ्ठेचाळिसाव्या दिव्याला बोट लावलं आणि म्हणाले, "इथं आमचा उंबरा."

आम्ही येऊ का? मुलांना आणलं तर चालेल?

या की. दहा वर्षांच्या वरची मुलं, सोबत घरचं मोठं माणूस. मुलांना आम्ही सोल्डरिंगपासनं सुरू करत नाही, स्क्रू काढण्यापासनं करतो, आणि मोबाइलची व्हायब्रेटर मोटर टूथब्रशच्या डोक्यावर बसवून पळणारा किडा करायला देतो. त्याचा बटण सेल गिळला जाणार नाही यावर डोळा ठेवायचा, ते काम सोबतच्या मोठ्यांचं. येताना काही विकत आणू नका, घरातलं एक बंद पडलेलं काहीतरी घेऊन या. सुती कपडे घाला, केस बांधा, आणि पायात बूट पाहिजेत, चप्पल नको, कोल्हापुरी असली तरी नको, गरम सोल्डरचा थेंब नेमका अंगठ्यावरच पडतो.